सुकारोला ऐकू येतं

वर्धा स्टेशनावर उतरले तेव्हा सकाळचे साडेसहा झाले होते. डिसेंबरची थंडी अशी की हमालसुद्धा कानाला मफलर गुंडाळून उभे होते. धाकटी बहीण मालू आणि तिचे यजमान वसंतराव न्यायला आले होते. मालूच्या लग्नानंतर साताऱ्याहून इकडे येणं झालंच नव्हतं. एकतीस वर्षं प्राथमिक शाळेत शिकवण्यात गेली, आणि सुट्ट्या पेपर तपासण्यात.

मालूचं घर पिपरी मेघेत. गेल्या काही वर्षांत तिथे इतकी घरं झाली आहेत की वसंतरावांनाच एक वळण चुकलं. नाश्त्याला तर्री पोहे होते, वर तेलाचा लाल थर. वसंतराव म्हणाले, “ताई, सांभार टाकू का वरून?” मी म्हटलं, पोह्यांवर सांबार कोण घालतं? सगळे हसले. इकडे सांभार म्हणजे कोथिंबीर. दर बारा कोसांवर भाषा अशी चकवते, याची मलाही तेव्हा गंमत वाटली. दोन दिवसांनी वाटेनाशी झाली.

तिसऱ्या दिवशी एकटीच बोर धरण बघून आले. पाण्यावर धुकं होतं, काठावर सागाची मोठाली वाळकी पानं पडली होती आणि माणूस जवळपास नव्हतं. परत येताना सेलूच्या स्टँडवर वर्ध्याची एसटी धरली. दोन्ही बाजूंना वेचणीला आलेला कापूस, मधेच तुरीचे पट्टे, आणि रस्त्यापासून थोड्या आत विटांच्या भट्ट्यांचा धूर.

माझ्या शेजारी एक बाई आणि तिची सहा-सात वर्षांची मुलगी बसली होती. मुलीच्या केसांना लाल रिबीन, पायात चप्पल नाही. मी पिशवीतून गोरसपाक (इथली तुपातली खुसखुशीत बिस्किटं) काढून तिला दिला आणि विचारलं, “नाव काय गं तुझं?”

ती बघत राहिली. मी पुन्हा विचारलं, मोठ्यानं. काही नाही.

आई म्हणाली, “नइ सुनय कहिथे.” (ऐकू येत नाही म्हणतात.) मग माझा चेहरा बघून तिनं तुटक हिंदीत समजावलं. छत्तीसगडातल्या कांकेरकडची ही माणसं. दिवाळीनंतर सेलूजवळच्या भट्टीवर येतात, पावसाआधी परत जातात. बाईचं नाव फुलबाई. मुलीला भट्टीजवळच्या गावातल्या शाळेत घातलं, पण ती हाक मारली तरी वळून बघत नाही. ती बहिरी आहे, दाखला आणा, असं शाळेनं सांगितलं. म्हणून आज खाडा करून दोघी वर्ध्याच्या दवाखान्यात निघाल्या होत्या.

“घरी ऐकते का?” मी विचारलं.

“घर मा सब सुनथे,” फुलबाई म्हणाली. आणि मग हळूच, “मास्टरजी पढ़े-लिखे हैं.”

म्हणजे स्वतःच्या लेकीबद्दल तिला जे रोज दिसत होतं, त्यापेक्षा गुरुजींचं म्हणणं तिला खरं वाटायला लागलं होतं.

अर्ध्या वाटेत एसटी पंक्चर झाली. सगळे उतरून रस्त्याच्या कडेला उभे राहिलो. ड्रायव्हर चाकाशी झटत होता, कंडक्टर फोनवर होता. मी जरा पुढे होऊन कापसाच्या शेताचा फोटो काढत होते, इतक्यात कुणीतरी माझा पदर जोरात कडेला ओढला. ती मुलगी होती. पुढच्याच क्षणी माझ्या पाठीमागून एक मोटरसायकल सुसाट गेली. वळणाआडून येणारा तिचा आवाज मला ऐकू आला नव्हता. त्या मुलीला आला होता.

मी तिथेच ठरवलं की दवाखान्यात बरोबर जायचं.

दवाखान्यात रांग होती. दुपारी दीडला एक तरुण तंत्रज्ञ बाहेर येऊन हाक मारू लागला, “सुकन्या! कोण आहे सुकन्या?” आमच्यापैकी कुणी हललं नाही. चार हाका झाल्यावर मी त्याच्या हातातली शाळेची चिठ्ठी बघितली. गाव आणि पत्ता याच मुलीचा होता.

“हिचं नाव सुकन्या?” मी फुलबाईला विचारलं.

“नइ. सुकारो. शुक्रवार को हुई ना.”

आईच्या तोंडचं नाव ऐकताच मुलीनं झटकन मान वर केली.

महिनाभर वर्गात हिला जे नाव घेऊन हाक मारत होते, ते तिचं नव्हतंच. तिनं कुणासाठी वळून बघायचं होतं?

आत तपासणी झाली. कानाला यंत्र लावून बारीक आवाज सोडतात. ऐकू आला की हात वर करायचा. तंत्रज्ञानं मराठीत सांगितलं, सुकारो गप्प. फुलबाईनं गोंडीत, त्यांच्या घरच्या भाषेत, दोन वाक्यं सांगितली, आणि मग प्रत्येक आवाजाला तो चिमुकला हात वर जायला लागला. तंत्रज्ञ हसून म्हणाला, “मावशी, माह्यापेक्षा चांगले कान आहेत हिचे.” रिपोर्ट हातात पडला. कान ठणठणीत.

त्या संध्याकाळी मालूकडे शेजारपाजारची मंडळी जमली होती, कारण जर्मनीहून तिच्या नातीचा व्हिडिओ कॉल येणार होता. इरा आठ वर्षांची. तिथे दर रविवारी मराठी शाळा भरते, आईवडील तासभर गाडी चालवून तिला नेतात. इरानं आम्हाला मराठी महिने म्हणून दाखवले, फाल्गुनाला अडखळली, तरी सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. “तीन भाषा येतात पोरीले!” वसंतराव कौतुकानं सांगत होते. तिथल्या शाळेनं तिला जर्मन यावं म्हणून वेगळ्या बाई दिल्या आहेत, आणि घरी मराठीच बोला, असं आवर्जून सांगितलं आहे.

मलाही आनंद झाला. का होऊ नये? पण मी सुकारोची हकिकत सांगितली, तर वसंतराव म्हणाले, “ताई, त्या भट्टीवाल्यायच्या पोट्ट्यायले कायची भाषा? जंगलातलं काहीबाही बोलून राह्यले असते. तुमी काऊन इतकं मनावर घेता?”

वसंतराव मनानं वाईट नाहीत. म्हणूनच मला जास्त संताप आला. परदेशात आपलं मूल दोन भाषांत वाढलं की ते हुशार. आपल्या दारात दुसऱ्याचं मूल दोन भाषांत वाढलं की ते मुकं, बहिरं! मालूनं केलेली पाटोडी मला आवडते, तीही जेवताना ताटात तशीच ठेवली.

दुसऱ्या दिवशी मी सुकारोच्या शाळेत गेले. गावाचं नाव लिहीत नाही. लिहिलं तर दोष त्याच्या एकट्याच्या माथी बसेल, आणि तो एकट्याचा नाही. फुलबाई आणि सुकारो फाटकापाशी थांबल्या होत्या, त्यांना घेऊन मी आत गेले. मुख्याध्यापकांनी खुर्ची दिली, चहा मागवला. रिपोर्ट नीट वाचला. मग म्हणाले, “ठीक आहे मॅडम, ऐकू येते. मंग पोट्टी डोक्यानं कमी असन. त्याचंबी शिबिर राह्यते, तिथं पाठवून देऊ.”

“तिचं नाव सुकन्या कुणी लिहिलं?” मी विचारलं.

वर्गशिक्षिका बाजूलाच होत्या. तिशीच्या आतल्या, चेहऱ्यानं प्रेमळ. म्हणाल्या, “मीच लिहिलं. सुकारो म्हणजे काय नाव आहे का जी? पोरं हसली असती. चांगलं नाव दिलं मी तिले.”

“आणि त्या चांगल्या नावाला तिनं ओ दिली नाही म्हणून ती बहिरी?”

माझा आवाज इतका चढला की शेजारच्या वर्गातले पाढे थांबले. बाईंचे डोळे भरून आले. मी थांबायला हवं होतं, थांबले नाही. मुख्याध्यापक म्हणाले, “मॅडम, आमाले गोंडी येत नाई. आमी काय करावं, सांगा.”

तेवढ्यात दारातून आवाज आला. “मले येते.”

खिचडी शिजवणाऱ्या कौसल्याबाई होत्या, हाताला हळद लागलेली. पन्नाशीच्या बाई, याच गावच्या. पंधरा वर्षं या शाळेत स्वयंपाक करतात. मुख्याध्यापक चकित होऊन म्हणाले, “तुमाले गोंडी येते? कधी बोलल्या नाई.”

“कोनी विचारलं नाई,” कौसल्याबाई म्हणाल्या. “अन् लहानपनी ह्याच शाळेत बोलली तं गुरुजीनं अंगठे धरून उभं केलतं.”

त्या सुकारोसमोर उकिडव्या बसल्या. “निवा परोल बाताल?” (तुझं नाव काय?)

“सुकारो,” मुलगी म्हणाली. तिचा आवाज शाळेतल्या कुणीही आजवर ऐकला नव्हता.

मग ती जी सुटली! इकडची गोंडी आणि कांकेरची गोंडी थोडी वेगळी. एखादा शब्द अडला की दोघी हातवारे करत आणि हसत. कौसल्याबाईंनी पदरातले तुरीचे दाणे जमिनीवर मांडले. उंदी, रंड, मुंद, नालुंग, सयुंग... सुकारोनं पाचपाचाचे ढीग केले, चार ढीग झाल्यावर न मोजता वीस सांगितले, त्यातले सात उचलले तर किती राहतील तेही सांगितलं. वर्गातली मुलं दाराशी गोळा झाली होती. शिक्षिका हळूच खाली बसल्या आणि तुरीच्या दाण्याकडे बोट दाखवून कौसल्याबाईंना म्हणाल्या, “एक, दोन, तीन पुन्हा सांगा. मले लिहून घेऊ द्या.”

त्या क्षणी माझा त्यांच्यावरचा राग गेला. बाकीचा गेला नाही.

मी म्हटलं, कौसल्याबाईंना रोज तासभर या मुलांसोबत बसू द्या. भट्टीवरची अशी सात मुलं शाळेत होती. मुख्याध्यापक अस्वस्थ झाले. “स्वयंपाकाच्या बाईले वर्गात बसवलं अन् साहेब आले, तं मले काय म्हन्तील? तोंडी चालू द्या. लेखी मी देऊ शकत नाई.”

म्हणजे मुलीला बहिरी ठरवायला चिठ्ठी लेखी, आणि तिच्याशी बोलायला परवानगी तोंडी!

मी परतीचं तिकीट आठवडाभर पुढे ढकललं. खिचडी उरकली की कौसल्याबाई कडुनिंबाखाली बसायच्या, सात मुलं त्यांच्याभोवती, आणि शिक्षिका वही घेऊन आठवी. फुलबाई एकदा येऊन लांबूनच बघून गेली. एका दुपारी भांडी घासताना कौसल्याबाई मला म्हणाल्या, “माह्या पोरीले मी गोंडी शिकवलीच नाई, ताई. तिले कोनी हसू नये म्हनून. आता ती नागपूरले हाय, अन् माही माय मरताना काय म्हनत होती ते तिले समजलंच नाई.” त्या भांडी घासतच राहिल्या.

निघताना त्या फाटकापर्यंत आल्या. “अजून येजो ताई,” म्हणाल्या. शिक्षिकेनं हजेरीतलं नाव दुरुस्त करून दाखवलं.

परतीच्या गाडीत खिडकीशी बसून मी माझा स्वतःचा वर्ग आठवत होते. दर हंगामात ऊसतोडीची मुलं यायची, मागच्या भिंतीशी बसायची, गप्प असायची. मी त्यांना कधी मारलं नाही, कधी उपाशी ठेवलं नाही, आणि यालाच मी चांगुलपणा समजत होते. घरी कोणती भाषा बोलता, हे एकतीस वर्षांत मी एकाही आईला विचारलं नाही. मालूकडे वसंतरावांवर चिडले, शाळेत त्या पोरसवदा बाईंवर ओरडले. माझ्यावर ओरडायला मात्र कुणी नव्हतं.

साताऱ्याला पोचल्यावर पंधरा दिवसांनी शिक्षिकेचा फोन आला. सुकारो दुसरीत बसते, मराठीत वाक्य करते, खोड्याही काढते. मग म्हणाल्या, कौसल्याबाईंना ताप आला होता. चार दिवस आल्या नाहीत, खिचडी दुसऱ्या कुणीतरी शिजवली. त्या चार दिवसांत सातही मुलं शाळेत आली, बसली, जेवली आणि गेली. शिक्षिकेला येत होते तेवढे वीसेक शब्द पहिल्याच सकाळी संपले.

मालूला हे सांगितलं तर ती म्हणते, ताई, काहीच नव्हतं, निदान एवढं तरी झालं, समाधान मान. पण सात मुलांची अख्खी शाळा एका बाईच्या तब्येतीवर उभी आहे, आणि त्या बाईच्या हातात साधा कागद नाही. मी समाधान मानत नाही. कौसल्याबाईंना लेखी नेमणूक द्या, असा अर्ज मी वरच्या कार्यालयात पाठवला आहे. उत्तर आलेलं नाही. आज दुसरा पाठवते आहे.