आखाजीच्या आदल्या दिवशीचं सूतक

धुळ्यात आमच्या गल्लीत कमलबाईंना सगळे अक्का म्हणतात. नवरा गेल्यावर त्यांनी चुलीवर पालथ्या घातलेल्या खापरावरचे पुरणाचे मांडे विकून घर उभं केलं, हे खरं. पण पुढे त्या घरात त्यांच्यावाचून पान हलेना. मुलगा किरण चाळिशीला आला तरी गाडीत पेट्रोल टाकायला आईपुढे हात पसरतो. हात थरथरायला लागले तेव्हा अक्कांनी खापर सुनेला दिलं. गल्ला आणि घरातला फोन मात्र स्वतःकडेच ठेवला.

सून दिपमाला शिरपूरची. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, खानदेशातल्या लेकी माहेरी झोके घेतात आणि ही पोर चुलीपुढे भाजून निघते, कारण त्या दिवशी घरोघरी पितरांची घागर भरतात आणि नैवेद्याला मांडे लागतात. यंदा तिचा बाप अंथरुणाला खिळला होता. एकदा येऊन जा, एवढाच त्याचा निरोप होता. तिने अक्कांचे पाय धरले. अक्का म्हणाल्या, "तू गयी ते खापरवर कोन बसी?"

आखाजीच्या आदल्या दिवशी दुपारी किरण माझ्या दारात येऊन उभा राहिला. त्याचे सासरे पहाटेच गेले होते. फोन अक्कांनी घेतला आणि त्याला दम भरला, मांडे गिऱ्हाइकांच्या घरी पोचेपर्यंत चकार शब्द काढायचा नाही. सूतक ऐकल्यावर लागतं, तोवर तिच्या हातचं नैवेद्याला चालतं, हे त्यांचं शास्त्र. बायकोला सांगायची त्याची छाती होत नव्हती, म्हणून माझे पाय धरायला आला. असल्या पुरुषाला काय म्हणावं? मी तशीच उठले.

दिपमाला दोन्ही हातांवर मांडा फिरवत होती. मी सरळ सांगितलं. मांडा तिच्या हातातच फाटला. "कवय?" एवढंच तिने विचारलं. पहाटे, म्हटलं. तिने बाहेरच्या उन्हाकडे पाहिलं. असल्या उन्हात मयत इतका वेळ कोण ठेवतं?

अक्का दारात आल्या. माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही.

"दोन घरना मांडा बाकी शेतस. तेवढा करी ले, मंग जाय."

दिपमालाने हात धुतले. रडली नाही. "अक्का, आते माले सूतक लागी गयं. मना हातना मांडा आते कोनलेच चालत नही."

लग्न होऊन आल्यापासून आखाजीत त्या चुलीपुढून उठायला तिला मिळालेलं हे पहिलं कारण.

तिला शिरपूरची बस मिळाली. बापाचं तोंड बघायला मिळालं नाही.