रुखमाबाईचे दहा शब्द

हेमराज मडावी सर म्हाताऱ्यांच्या कानात मंत्र फुंकतात आणि गेलेली आठवण परत आणतात, अशी सेलूच्या गल्लीत बोलवा होती. मंत्रबिंत्र काही नव्हता. सर कॉलेजात मानसशास्त्राचे प्राध्यापक, आणि म्हाताऱ्यांच्या कानाला लावायचे ते ऐकणं तपासायच्या यंत्राचे हेडफोन. गल्लीने तरी 'कानफुके सर' हे नाव ठेवलंच. सरांचा आवाजही तसाच. भांडतानासुद्धा भाजीवालीला कान पुढे करावा लागे.

हा आवाज घरचा. मडाव्यांकडे थोरांपुढे आवाज चढवायचा नाही, ही रीत. म्हाताऱ्यांच्या स्मरणशक्तीवर संशोधन सुरू केलं तेव्हा सरांनी पहिली चाचणी आईचीच घेतली. दहा शब्द वाचून दाखवले, रीतीप्रमाणे हळू. रुखमाबाईने देवळीच्या कापसाच्या जिनिंगात, यंत्रांच्या खडखडाटात बावीस वर्षं काढलेली. ती प्रत्येक शब्दाला मान हलवत गेली, आणि सांगितले दोनच. सरांनी वहीत लिहिलं, 'स्मरणशक्ती क्षीण'.

लेक प्राध्यापक म्हटल्यावर घराने ते ब्रह्मवाक्य मानलं. पुढच्याच महिन्यात कारंज्याला तिचा भाऊ जंगू वारला. तिला मातीला नेलं नाही; सरांनी तिच्याजवळ बसून हलकेच सांगितलं. तिने मान हलवली. आठ दिवसांनी विचारलं, जंगू काऊन नाई आला? मग दर आठवड्याला तेच. विसरते बिचारी, म्हणून सुनेने उत्तर देणंही सोडलं.

सात वर्षं अशीच गेली. मग सरांनी संशोधनासाठी ते ऐकणं तपासायचं यंत्र आणलं. आईसोबत जिनिंगात असलेले तानबा पूर्वी तीन शब्दांवर अडकलेले. हेडफोन लावून त्यांनी नऊ सांगितले. सर यंत्र काखोटीला मारून तसेच घरी आले.

रुखमाबाईने दहाच्या दहा सांगितले. मग विचारलं, जंगू काऊन नाई येत? सरांनी माईकमधून सांगितलं. सात वर्षांपूर्वीच्या मरणाला ती त्या दुपारी रडली. नंतर तिने काही विचारलं नाही, आणि थंडी संपायच्या आत गेली.

तिच्या दिवसांच्या जेवणाला जंगूचा मुलगा प्रेमदास आला होता. वाढता वाढता तो म्हणाला, आत्या बाबाचं मरनही विसरली होती. पंगत हळहळली. सर हातातलं पाणी खाली ठेवून उठले, आणि त्यांचा आवाज गल्लीने पहिल्यांदा रस्त्यापर्यंत ऐकला.

"ती काईच विसरली नोती. मीच तिले आयकू येईन असं कधी बोललो नाई."