डाव्या पायाचे सतरा

ही गोष्ट माझ्या नवऱ्याला माहीत नाही. बहिणीला नाही, आईला नाही, आणि ज्याच्याबद्दल आहे त्याला तर नाहीच नाही. एकदा देवापुढे हात जोडून मनातल्या मनात सांगायला घेतली होती, तर तिथेही दोन वाक्यांनंतर मी कारणं द्यायला लागले. म्हणून आज लिहूनच काढते आहे. तुम्ही मला ओळखत नाही — बरंच आहे ते. ओळखीच्या माणसाला सांगताना आपण स्वतःला थोडं बरं करून सांगतो, नाही का?

मी फिजिओ आहे. मूळची नागपूरची, गेली सोळा-सतरा वर्षं सिंगापूरला. नवरा रॅफल्स प्लेसला बँकेत, मुलगी सेकंडरी स्कूलमध्ये, राहायला जुरोंग ईस्टला. इथल्या एका व्यावसायिक बास्केटबॉल क्लबमध्ये मी बरीच वर्षं काम केलं. त्या संघात एक खेळाडू होता. त्याचं खरं नाव लिहीत नाही. बून म्हणू या.

बूनची ख्याती एकच. तो कधी चुकत नसे. म्हणजे नेम चुकायचा की, कुणाचा चुकत नाही? पण सामना चुकत नसे. अकरा हंगाम झाले तरी एकही नाही. मनिलाला, बँकॉकला, घरच्या कोर्टवर — बून आहेच. बाकीच्यांचे घोटे मुरगळायचे, बोटं निखळायची, पाठी धरायच्या. बूनला डेंगी झाला तोही हंगाम संपल्यावर. कॉमेंट्री करणारा दर सामन्याच्या सुरुवातीला त्याचा न चुकलेल्या सामन्यांचा आकडा सांगायचा आणि लोक टाळ्या वाजवायचे.

मी वाजवत नसे. माझे हात तेव्हा टेपच्या रिळात गुंतलेले असायचे — असं मी स्वतःला सांगत असे.

आता तो शब्द लिहितेच. मत्सर. हेवा म्हटलं असतं तर जरा गोड वाटलं असतं. हेवा काय, शेजारणीच्या साडीचाही वाटतो. हे तसलं नव्हतं. बून माझ्या टेबलावर पालथा झोपायचा, मी त्याची पोटरी दाबायची, आणि माझ्या अंगठ्याखाली तो धडधाकट, आज्ञाधारक स्नायू लागला की मला राग यायचा. हा माणूस व्यायामाआधीचं स्ट्रेचिंगसुद्धा उरकून टाकायचा. हॉकर सेंटरला, म्हणजे इथल्या खाऊगल्लीत, प्लास्टिकच्या स्टुलावर बसून चिकन राइसच्या दोन-दोन प्लेटी हाणायचा. विमानात सीटवर टेकला की झोपायचा. आणि त्याला काही होत नसे. का होत नसे? माझं काय चुकलं होतं मग?

दुखणारी माणसं मला आवडतात. फिजिओला हे चालून जातं; लोकांना वाटतं, किती प्रेमळ बाई आहे.

माझं सांगते. मी महाराष्ट्राकडून बास्केटबॉल खेळायचे. एकवीस वर्षांची होते. रिबाउंड घेऊन खाली आले, डावा पाय टेकला आणि गुडघा आतल्या आत वळला. आवाज आला. बाबा समोरच बसले होते, मांडीवर लिंबू सरबताचा थर्मास घेऊन. माझा नागपुरातला एकही सामना त्यांनी सोडला नव्हता. शाळेत शिकवून सुटले की त्यांची स्कूटर थेट मैदानावर. ऑपरेशन झालं, वर्षभर मेहनत केली, परत उतरले — आणि तिसऱ्याच सामन्यात तोच गुडघा. त्या दिवशीही बाबा तिथेच होते. त्यांनी थर्मास खाली ठेवला आणि मान फिरवली. मला अजूनही ती फिरवलेली मान दिसते. पुढे त्यांनी खेळाचं नाव घरात काढलं नाही, मीही नाही. मी फिजिओ झाले. सगळे म्हणाले, किती छान, दुःखाचं सोनं केलं पोरीने. सोनं कसलं? इथल्या मेट्रोच्या, एमआरटीच्या जिन्यावर माझा गुडघा आजही कटकट वाजतो.

आता तुम्हाला आमची पद्धत सांगायला हवी. सामन्याच्या दिवशी सकाळी मी प्रत्येक खेळाडूला तपासायची आणि कोचच्या खोलीतल्या फळ्यावर त्याच्या नावापुढे गोल काढायची. हिरवा म्हणजे खेळेल, पिवळा म्हणजे जपून, लाल म्हणजे बसेल. माझा गोल शेवटचा. कोच तापट होते, पण त्या फळ्याशी त्यांनी कधी वाद घातला नाही. इतका विश्वास होता. बूनच्या नावापुढे मी अकरा हंगाम हिरवा काढत आले होते. पुष्कळदा तर त्याला न तपासताच.

त्या आठवड्यात मंगळवारी बून टेबलावर पडून एकदम बोलायला लागला. एरवी गप्प असायचा. त्याचे वडील टॅक्सी चालवायचे, संध्याकाळची पाळी; दिवसा तीच गाडी दुसरा ड्रायव्हर चालवायचा. संध्याकाळीच भाडी मिळतात, आणि सामने असतात संध्याकाळीच. त्यामुळे मुलाचा एकही सामना त्यांनी स्टेडियममध्ये बसून पाहिला नव्हता. फोनवर तुकडे पाहिले असतील तेवढेच. या शनिवारी मात्र त्यांनी दुसऱ्या ड्रायव्हरशी पाळी बदलून घेतली होती. शर्ट इस्त्रीला दिला होता म्हणे. बून हे सांगताना उशीत तोंड खुपसून हसत होता.

मी म्हटलं, किती छान. आणि माझा अंगठा त्याच्या पोटरीत असा रुतला की तो ओरडला.

काय वाटलं मला तेव्हा? मी पुष्कळदा स्वतःला विचारलं आहे. याचा बाप येणार, एकदाच येणार, आणि त्या बापाला काय दिसणार — तर न मोडलेला मुलगा. चाळीस मिनिटं धावणारा, उडणारा, उतरणारा, दर वेळी दोन्ही पायांवर नीट उतरणारा. मान फिरवावी लागणार नाही त्या माणसाला. हे मला सहन झालं नाही. यापेक्षा चांगलं कारण माझ्यापाशी नाही.

शनिवारी सकाळी बून आपणहून म्हणाला की मनिलाच्या विमानापासून डावी पोटरी जराशी आखडल्यासारखी वाटते. बघा, त्यानेच सांगितलं. खेळाडू असल्या गोष्टी लपवतात, बसवतील म्हणून. त्याने माझ्यापासून कधी काही लपवलं नाही. मी हात लावून पाहिलं. तीन तास अवघडून बसल्यावर तुमची-माझी होईल तशी होती. दहा मिनिटं शेक दिला असता की झालं असतं.

मी म्हटलं, आपण टेस्ट करू.

टेस्ट साधी आहे. भिंतीला दोन बोटं टेकवायची, एका पायावर उभं राहायचं, टाच पूर्ण उचलायची, टेकवायची. माझा नियम होता प्रत्येक पायावर पंचवीस. मी मागे बसून टाच बघायची आणि मोजायची. खेळाडूला स्वतःची टाच दिसत नाही, आणि बून तर कानाला हेडफोन लावून भिंतीकडे बघत राहायचा. मोजायचं काम माझं. संपलं की मी पाठीवर थाप मारायची.

उजवा पाय — पंचवीस. डावा पाय सुरू झाला. दहा. पंधरा. टाच लिफ्टसारखी वर जात होती, खाली येत होती. सोळा. सतरा.

मी थाप मारली.

त्याने हेडफोन काढले आणि वळून माझ्याकडे पाहिलं. मी नकारार्थी मान हलवली. कागदावर लिहिलं : उजवा पंचवीस, डावा सतरा. शेऱ्याच्या रकान्यात लिहिलं, टाच पूर्ण उचलली जात नाही. अक्षर नेहमीसारखंच आलं. बून म्हणाला, शेवटी जरा हळू झालं खरं. झालं नव्हतं. पण मी म्हटलं म्हणून त्याला तसं वाटलं, आणि ते बघून मला — लिहू का? — बरं वाटलं.

त्याने एवढंच विचारलं, इथले लोक सगळ्याच गोष्टींना विचारतात तसं, "कॅन ऑर नॉट?"

मी म्हटलं, "कॅनॉट."

कोचनी चष्मा काढून त्या लाल गोलाकडे पाहिलं, मग माझ्याकडे. नक्की का, म्हणाले. मी म्हटलं, नक्की.

संध्याकाळी बूनचे वडील, आम्हा सगळ्यांचे अंकल, आले. दुसरी रांग, आकाशी शर्ट, खिशाला पेन. बून ट्रॅकसूटमध्ये बाकाच्या टोकाला बसला होता. सगळ्यांसाठी टाळ्या वाजवत होता, पाण्याच्या बाटल्या देत होता. अंकलनी कोर्टकडे फार पाहिलं नाही. चारही क्वार्टर ते बाकाच्या टोकाकडेच बघत होते. आम्ही जिंकलो, तेही आरामात. म्हणजे कुणाचं काही बिघडलं नाही. बिघडलं असतं तर निदान कुणीतरी मला काही विचारलं असतं.

सामना संपल्यावर अंकल माझ्याकडे आले. माझा हात दोन्ही हातांत धरला. "यू लुक आफ्टर माय सन. थँक्यू, ह." मी म्हटलं, माझं कामच आहे ते.

त्यानंतर बून बदलला. दर सामन्याआधी माझ्यापाशी येऊन विचारायला लागला — हे ठीक आहे ना, ते ठीक आहे ना. ज्याला स्वतःच्या शरीराचा कधी विचार करावा लागला नव्हता तो पोटरीवर हात ठेवून बसायला लागला. मग अधूनमधून सामने सोडायलाही लागला, विश्रांती म्हणून. कदाचित त्याने त्याचा फायदाच झाला असेल. चांगले सोळा हंगाम खेळला तो. पण मी त्याच्या फायद्यासाठी केलं नव्हतं, त्यामुळे ते पुण्य माझ्या नावावर लिहू नका.

आणि अंकल. पुढच्याच वर्षी साखरेने त्यांचे डोळे गेले. आधी रात्रीचं दिसेना, मग दिवसाचंही. टॅक्सी परत केली. हे होणार आहे हे मला त्या शनिवारी कुठे माहीत होतं? — हे वाक्य लिहिलं आणि लक्षात आलं, ही पळवाट आहे. माहीत नव्हतं. पण त्यांची एकुलती एक संध्याकाळ आहे, एवढं माहीत होतं.

आता त्यांच्या सगळ्याच संध्याकाळी मोकळ्या झाल्या. ते प्रत्येक सामन्याला यायला लागले. तीच दुसरी रांग. बूनची आई त्यांच्या कानाशी लागून त्यांच्या होक्कियन बोलीत सांगायची, आता बूनकडे बॉल आहे, आता उडाला. ते आवाजाच्या दिशेने तोंड करून बसायचे. जाताना मी समोरून जायची, माझी चाहूल त्यांना कळायची आणि ते हात पुढे करायचे.

गेल्या वर्षी बून निवृत्त झाला. शेवटच्या सामन्यानंतर कोर्टच्या मधोमध माइक हातात घेऊन उभा राहिला. म्हणाला, लोक विचारतात इतकी वर्षं कसा टिकलास. मी मूर्ख होतो, शरीर संपेपर्यंत खेळत राहिलो असतो. एका सकाळी एक बाई मला 'कॅनॉट' म्हणाली. तिने माझा आकडा मोडला आणि मला वाचवलं. माझ्या शेजारी माझी मुलगी होती. तिने माझा दंड धरला. "आई, that's you lah." सगळं स्टेडियम वळून टाळ्या वाजवायला लागलं. मी उभी राहिले, हात जोडले, हसले. मुलीच्या डोळ्यांत पाणी होतं. तिने तोवर माझ्याकडे कधी तसं पाहिलं नव्हतं.

नंतर बूनने माझ्याकडे एक वस्तू मागितली. त्या सकाळचा टेस्टचा कागद. आठवण म्हणून हवा होता. मी हरवला म्हणू शकले असते. फाइलमधून काढून दिला. का दिला? खरं सांगते — सोळा हंगाम खेळलेल्या माणसाच्या घरात माझं अक्षर भिंतीवर लागेल, याचाही मला मोह पडला. तोवरही तो मत्सर गेला नव्हता. आजही गेला आहे असं मी म्हणणार नाही.

यंदाच्या चिनी नववर्षाला आम्ही तिघं त्याच्याकडे गेलो. रीतीप्रमाणे दोन संत्री दोन्ही हातांत धरून दिली, त्याने दोन परत दिली. दारातून आत गेल्या-गेल्या तो कागद आहे, काचेच्या चौकटीत. त्याखालच्या खुर्चीवर अंकल बसतात. बून आलेल्या पाहुण्यांना तो मोठ्याने वाचून दाखवतो : उजवा पंचवीस, डावा सतरा, टाच पूर्ण उचलली जात नाही. अंकल दर वेळी मान डोलावतात. माझा हात शोधून घेतात आणि म्हणतात, "सेव्हन्टीन, ह." मी हो म्हणते.

सतराव्या वेळी टाच पूर्ण वर आली होती. मी मागेच बसले होते, मी पाहिली. त्या संध्याकाळी बून खेळू शकत होता, आणि अंकलना तेव्हा दिसत होतं.