भोंगाताप

हे लिहावं की नाही, हे मला अजून नीट ठरवता आलेलं नाही. यात मी खोटं बोलले आहे, आणि तेही विज्ञानाच्या नावानं.

आमचं गाव सिंदेवाहीपासून थोडं आत, जंगलाला लागून. घरामागे मोठेबाबांचं, म्हणजे वडिलांच्या मोठ्या भावाचं, हरभऱ्याचं शेत. माकडं आणि नीलगाई, आमच्याकडचे रोही, पीक ठेवत नाहीत, म्हणून त्यांनी बॅटरीवरचा भोंगा आणला आणि त्यात स्वतःचाच आवाज भरला. "हट्, कोन आहे रे तिकडे? येऊ का?" मागून डबा बडवल्याचा आवाज. दर दोन मिनिटांनी मोठेबाबा माकडांना विचारायचे, येऊ का.

आमच्या घरातून कॉलेजात गेलेली मी पहिलीच. चंद्रपूरला शिकत होते. भौतिकशास्त्राचा पेपर राहिला होता, तो पुन्हा द्यायचा म्हणून घरी अभ्यासाला आले होते. बाबा शांतपणे म्हणाले होते, "आता राह्यला तं शिलाई मशीन घेऊन देतो." एखादं सूत्र पाठ होत आलं की "येऊ का" यायचं आणि सूत्र जायचं.

भोंगा बंद करा म्हणायची हिंमत नव्हती. म्हणून एका दुपारी मोठेबाबांच्या कानावर जाईल अशा बेतानं मी त्यांच्या बायकोला, मोठीआईला, म्हणाले, "आमच्या कॉलेजात सांगतलं, भोंग्याच्या आवाजानं एक ताप येते. अंग गरम होत नाई. कान गुणगुणते, चिडचिड होते, काम करावंसं वाटत नाई."

मोठीआईचा तांदूळ निवडणारा हात थांबला. "काम करावंसं वाटत नाई?"

"हो."

"मंग मले झाला."

दुसऱ्या दिवशी ती खाटेवर होती आणि मोठेबाबा चुलीपाशी. शेजारच्या दोघी तिला पाहायला आल्या, लक्षणं बारकाईनं विचारून गेल्या, आणि संध्याकाळपर्यंत त्यांनाही झाला. त्या आठवड्यात आमच्या बोळीत नळावर सगळे पुरुषच दिसत होते.

मोठेबाबा माझ्याजवळ येऊन बसले. "पोरी, हा ताप कोन्याही आवाजानं येते, का माह्याच?"

तेव्हाच खरं सांगायला हवं होतं. मी पुस्तकात पाहत म्हणाले, "मोठ्या आवाजानं."

त्यांनी भोंगा काढला. स्वतःही हळू बोलू लागले, बैलांशीसुद्धा. शेताभोवती मोठीआईच्या जुन्या साड्या बांधल्या. माकडं दोन दिवस बिचकली. तिसऱ्या दिवशी त्यातलं एक तिच्या पिवळ्या साडीला टेकून हरभऱ्याचे शेंडे खात होतं. मी खिडकीतून ते पाहत होते आणि धडा वाचत होते. धडा ध्वनीचाच होता.

पास झाले. निकाल कळला तशी आधी मोठीआईकडे गेले आणि म्हणाले, "तो ताप खोटा होता."

"हळू बोल," ती म्हणाली. "तुया पेपर झाला. माया आराम बाकी आहे."

मग शेतावर गेले. घाटे भरत होते, पण आमच्या खिडकीसमोरचा कोपरा पार मोकळा झाला होता. मोठेबाबांना सगळं सांगितलं. मोठीआईचं तेवढं वगळलं.

"पास झालीस ना?" त्यांनी हळूच विचारलं.

"हो."

"मले पहिल्याच दिवशी समजलं. तापाच्या मानसाले दोन ताटं भात जात नाई." मग ते घरात गेले आणि भोंगा घेऊन आले. "माह्या आवाजानं ताप येते म्हनतेस नं? घे, आता तू बोल."

मी बोलले. त्यांनी डबा बडवला.

आता पुढच्या पेपरच्या अभ्यासाला घरी आले आहे. दर दोन मिनिटांनी माझाच आवाज मला विचारतो, येऊ का. आणि मोठीआई खाटेवरून सांगते, तिला पुन्हा बरं वाटत नाही.