पहिली मात्रा सोडायची

दिग्रसच्या बँड पार्टीत मी ढोल वाजवत होतो. कापसाची ती वाईट वर्षं. जिनिंगसमोर कापसाच्या गाड्या न विकता उभ्या राहत, आणि लोक लग्नं देवळात उरकून घेत, बाजाशिवाय. आम्ही रिकामे. तेव्हा आमच्या बँडमास्तरांनी मला क्युबाचे ताल शिकवायला घेतले. तरुणपणी ते मुंबईच्या हॉटेलात कोंगा, म्हणजे हातानं वाजवायचा पिंपासारखा उभा ढोल, वाजवत; आता सायकलचं दुकान चालवत. कोंग्याची जुनी जोडी दुकानातच होती.

समेवर, म्हणजे पहिल्या मात्रेवर, जोरात थाप द्यायची, ही माझ्या हाताची सवय. त्या तालात पहिली मात्रा मोकळी सोडतात. हात पडला की मास्तर सायकलचा स्पोक मनगटावर मारत.

"सम कायले शोधून राह्यला? इथं सम नाही."

मनगट सुजे. घरी आई हळद लावायची. उन्हाळाभर असं चाललं आणि एका दुपारी हात आपोआप थांबला. मास्तरांनी स्पोक खाली ठेवला. मी तीच शाबासकी धरली.

फुलसावंगीच्या वरातीत ते म्हणाले, "आज वाजव." मी कोंगा गळ्यात अडकवून सुरू केलं. पाय टाकायला सम सापडेना, नाचणारे थबकले. नवरदेवाचा मामा ओरडला, "मर्तिकाचा बाजा आणला का बे?" सगळे हसले. मी मास्तरांकडे पाहिलं. तेही हसत होते.

"वाजव, वाजव," ते म्हणाले. "लोकायले मजा येऊन राह्यली."

मग दारू प्यालेली पोरं माझ्याभोवती लंगडत नाचू लागली. वरात मांडवाला लागेपर्यंत मी वाजवत राहिलो.

दुसऱ्या दिवशी दुकानात जाऊन विचारलं, "तुम्ही काहून हासले?"

"नसतो हासलो त उद्या आपल्याले कोण बोलावते?"

त्यांनी रबर कापायची सुरी घेतली आणि दोन्ही कोंग्यांची कातडी माझ्यासमोर फाडली. "तुह्या डोक्यातून हे खूळ गेलं पाहिजे." उघड्या पिंपांत त्यांनी जुने टायर कोंबले.

पुढच्या लग्नसराईत मी पुसदच्या एका ऑर्केस्ट्रात गेलो. तिथं कोंगा होता. मास्तरांनी दिग्रसभर सांगितलं, पोरगं बेइमान निघालं. एकदा ते बस स्टँडवर दिसले. मी पाया पडायला वाकलो. त्यांनी पाय मागे घेतले आणि यवतमाळच्या गाडीत चढले.