सिनेमा संपल्यानंतरची टेप

परवा ऑफिसातलं एक जुनं कपाट उघडलं, आणि बुरशी धरलेल्या व्हिडिओ कॅसेटचा वास आला तसा मी दोन पावलं मागे सरलो. नोएडात नवा राहायला आलो होतो तेव्हाची गोष्ट. एका जुन्या विज्ञानपटाच्या वेगवेगळ्या आवृत्त्या शोधून इंटरनेटवर जपून ठेवायचं वेड आम्हा काही जणांना होतं. त्यातली वेगळ्या शेवटाची आवृत्ती शेजारच्या काकांनी कधीकाळी टीव्हीवरून कॅसेटवर उतरवली होती. ती मी मागून आणली. सिनेमा कॉम्प्युटरवर घेतला. तो संपल्यावर टेपवर घरगुती चित्रण लागलं, कुणी अनोळखी बाई हसत हसत बोलत होती. आपल्या कामाचं नाही म्हणून तेवढं मी कॉम्प्युटरवरून पुसून टाकलं. कॅसेट परत गुंडाळताना टेप मशीनमध्ये अडकून फाटली, तीही फेकून दिली. संध्याकाळी काका आले. म्हणाले, "सिनेमा तुझा तुला लखलाभ, यार. शेवटी तुझी काकू बोलतेय ना, तेवढं माझ्या मोबाइलवर दे. ती गेल्यापासून तिचा आवाज ऐकला नाही, आणि तो दुसरीकडे कुठेच नाही." माझ्या तोंडातून निघून गेलं, "काका, सिनेमानंतर टेप कोरीच होती." ते हळूच म्हणाले, "अच्छा. म्हणजे मीच पुसलं तिला. तिच्याच कॅसेटवर सिनेमा भरला होता ना मी." ती आवृत्ती आजही कुठकुठले लोक बघतात, मला धन्यवाद लिहितात. काका मात्र तोच समज घेऊन गेले, आणि मी त्यांना तसं जाऊ दिलं.