चार फुलांनंतर "नाही समजलं, सर"

हे मी आजपर्यंत कुणालाच सांगितलेलं नाय. नवऱ्याला नाय, आईला नाय, देवापुढं हात जोडले तरी तिथं मी दुसरंच काहीतरी बोलून येते. तुम्हाला सांगते कारण तुम्ही मला ओळखत नाय. लिहिता लिहिता दोनदा उठून दाराची कडी बघून आले. आणि मधीच हसू पण येतंय! भीती वाटते आणि हसू येतं, असं तुमचं होतं का कधी? माझं रोज होतं.

आधी मी कोण ते सांगते. आमचं माळ्याचं घर, मखमलाबादकडं थोडी जमीन, झेंडू आणि शेवंती लावतो. नवरा अंबडला कंपनीत शिफ्टला जातो, सासू-सासरे मळ्यात, आणि मी फुलं घेऊन गंगापूर रोडच्या एका कॉलनीत जाते. तिथंच बसून हार ओवायचे आणि बंगल्या-बंगल्यात द्यायचे. माझी आरू तेव्हा आठ महिन्यांची. एका गेटच्या बाहेर तिला मांडीवर घेऊन बसलते, तर आतून काकू आल्या. म्हणाल्या, "अगं, लेकरू भाजून काढतेस का उन्हात? आत ओट्यावर बस." झालं, तेव्हापासून माझं दुकान म्हणजे काकूंचा ओटा. त्यांनी वर पंखा पण लावून दिला. आरूला रोज वाटीभर वरण-भात. इतकं चांगलं वागलेल्या माणसांशी मी — नाय, थांबा, हे आत्ताच नको. क्रमानं सांगते.

काकूंच्या मिस्टरांना सगळे सर म्हणतात. ते काय मास्तर नव्हते, कारखान्यात मोठे इंजिनीयर होते, रिटायर झालेले. त्यांच्या दोन नाती परदेशात. त्यांना संस्कृत तर नायच, मराठी पण मोडकं-तोडकं. म्हणून सरांनी काय काढलं? आपल्या जुन्या पोथ्यांतले संस्कृत श्लोक इंग्रजीत करायचे. साधे नाय हां, कवितेत! शेवटी यमक जुळलंच पाहिजे. आजकालच्या पोरांनी मोबाईल बघता बघता वाचावं आणि त्यांना पाठ व्हावं, असं त्यांचं म्हणणं. सहा वर्षं ते हेच करत होते. वय सत्तरच्या पुढं, छातीचं ऑपरेशन झालेलं. ते म्हणायचे, "हे एकच पुस्तक होणार माझ्या हातून. दुसऱ्याला वेळ नाही मला. म्हणून नीट झालं पाहिजे."

हे मी पहिल्या आठवड्यातच ऐकलतं. मला माहीत नव्हतं असं मी म्हणूच शकत नाय.

तर एक दिवस सर कागद घेऊन ओट्यावर आले, खुर्ची ओढली आणि विचारलं, "किती शिकलीस गं तू?"

मी म्हटलं, "बारावी."

बारावी! मी दहावीला इंग्रजीत दोनदा नापास झालेली. पण लग्न जमवताना मामानं बायोडेटावर बारावी लिहून टाकलं आणि सासरी सगळे तेच धरून चाललेत. सासू तर शेजारणींना सांगते, आमची सून बारावी हाय, कुठलाही फॉर्म भरते. फॉर्म मी शेजारच्या क्लासच्या पोरीकडून भरून आणते, ते एक वेगळंच! आता काकूंचा आणि सासूचा फुलांवरून रोज फोन. सरांना खरं सांगितलं आणि ते फिरत फिरत मळ्यात पोचलं तर? म्हणून बारावी.

सर इतके खूश झाले! म्हणाले, "मग तूच माझी मॉडर्न रीडर. मी वाचतो, तू ऐक. समजलं तर समजलं म्हण, नाही तर नाही म्हण. माझी भीड ठेवायची नाही. मित्र नुसते वा-वा करतात, त्यांचा काय उपयोग?"

काकू आतून ओरडल्या, "अहो, तिला हार करू द्या! तुमच्या श्लोकांनी फुलं कोमेजतील."

आणि सर वाचायला लागले. आता मला काय समजणार? कप्पाळ! पण ऐकायला बरं वाटायचं हां, खोटं कशाला बोलू. शिलाई मशीन चालल्यासारखं टकटक टकटक चालायचं आणि शेवटी दोन आवाज येऊन एकमेकांना चिकटायचे. आवाज चिकटले की आरू खिदळायची, टाळ्या पिटायची. आरू हसली की मी म्हणायची, "समजलं, सर." म्हणजे बघा, परीक्षा आठ महिन्यांचं लेकरू घेत होतं आणि निकाल मी सांगत होते.

चार-पाच दिवस सगळं समजलं, समजलं, समजलं. मग सरांनी चष्म्याच्या वरून बघितलं. "काय समजलं, सांग बरं." माझ्या हातातली सुई बोटात घुसली. तोंडाला येईल ते बोलले, "सर, म्हणजे… शेवटी सगळं एकच हाय ना."

सर उठून उभेच राहिले. आत जाऊन काकूंना मोठ्यानं सांगतायत, "ऐकलंस का? गाभा सांगितला हिनं, गाभा!" काकू म्हणाल्या, "मग आता गाभ्याला चहा नेऊन द्या."

हे वाक्य मला लय दिवस पुरलं. कुठल्याही श्लोकाला लावा, बसतंच. त्या पोथ्यांत बहुतेक सगळीकडं तेच लिहिलेलं असावं.

पण सारखं तेच कसं म्हणणार? आणि सारखं हो म्हटलं तर वा-वा करणाऱ्या मित्रांत आणि माझ्यात फरक काय, असं सरांना वाटलं असतं. मधी मधी नाय पण म्हणायला पाहिजे. मग माझ्या ध्यानात आलं की 'नाही समजलं' म्हणणंच सोपं हाय. हो म्हटलं की विचारतात, काय समजलं सांग. नाय म्हटलं की कुणी काहीच विचारत नाय. उलट तेच मान खाली घालून विचारात पडतात.

पण नाय कधी म्हणायचं? कुठल्या श्लोकाला? मला तर सगळे सारखेच. आणि इथं — इथं मी जे केलं ते मला लिहवत नाय, पण लिहिते.

हार ओवताना आम्ही चार झेंडू ओवतो आणि मधी एक हिरवं पान लावतो. मग परत चार झेंडू, एक पान. हाताला इतकी सवय की बघावं पण लागत नाय. सरांचा श्लोक संपला तेव्हा माझ्या हातात फूल असलं, तर "समजलं, सर." हातात पान असलं, तर "नाही समजलं, सर."

बस. एवढंच. सहा वर्षं घासलेल्या श्लोकांचा निवाडा असा व्हायचा. सर त्या श्लोकावर लाल पेनानं गोल करायचे, आत जायचे आणि दोन-दोन दिवस तो उसवून परत शिवायचे. चांगला होता का वाईट होता? कुणाला ठाऊक? पान आलतं.

हसताय ना? मी पण हसायची. घरी जाताना रिक्षात एकटीच हसायची, लोक बघायचे.

मग तो एक दिवस. सर सकाळी सकाळी आंघोळ करून, पांढरा शर्ट घालून बाहेर आले. हातात कागद होता पण त्यांनी तो बघितला पण नाय. उभं राहून तोंडपाठ म्हणाले. दोनच ओळी. म्हणून झाल्यावर म्हणाले, "हा श्लोक महिनाभर बसत नव्हता. आज पहाटे बसला." त्यांचा चेहरा असा होता — लहान पोरगं पहिल्यांदा सायकल चालवून आल्यावर आईकडं बघतं ना, तसा.

मी खाली बघितलं. हातात पान होतं.

मी थांबू शकले असते. एक फूल उचलायला कितीसा वेळ लागतो? चेहरा दिसत होता मला त्यांचा. तरी म्हटलं, "नाही समजलं, सर."

ते खाली बसले. कागद नीट घडी घालून खिशात ठेवला. म्हणाले, "बरं. बरं झालं सांगितलंस."

दुसऱ्या दिवशी नवीन करून आणला. मी घाबरले. आता हो म्हटलं तर विचारतील, कालच्यापेक्षा काय वेगळं वाटलं? म्हणून परत नाय. तिसऱ्या दिवशी परत. त्या श्लोकासाठी आता पान-फूल पण बघायची गरज नव्हती, नायच म्हणायचं. रोज दोन ओळींच्या चार झाल्या, चाराच्या सहा. सर जेवताना पुटपुटायचे, चहात साखरेऐवजी मीठ घालून प्यायले आणि त्यांना कळलं पण नाय. शेवटी काकू माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाल्या, "अगं बाई, एकदा हो म्हणून टाक ना. काल हा माणूस आंघोळीला गेला आणि कोरडाच परत आला."

मी हसले. आणि दुसऱ्या दिवशी परत नाय म्हटलं.

आता खरं काय ते सांगू? अजूनपर्यंत भीती-भीती म्हणत आले, पण ते अर्धंच खरं. त्या दिवसांत मला भीती वाटत नव्हती, मजा वाटत होती. एवढा शिकलेला माणूस रोज सकाळी माझ्या तोंडाकडं बघत उभा. मी मान हलवेन त्याच्यावर त्याचा दिवस. मला दोनदा नापास केलतं इंग्रजीत. मी त्यांना अकरा वेळा केलं. अकरा! हे मी कारण म्हणून सांगत नाय. असं होतं, एवढंच.

बाराव्या दिवशी आरूला डोस द्यायला दवाखान्यात न्यायचं होतं. बारा वाजता नर्सबाई खिडकी बंद करते. सरांनी वाचायला घेतलं, मी अर्धं सामान पिशवीत भरलं होतं. लांबलचक होता, संपता संपेना. संपला तशी मी उठलेच, "समजलं सर, लय छान!" आणि आरूला कडेवर घेऊन पळाले. गेटपाशी वळून बघितलं तर सर चष्मा काढून डोळे पुसत होते.

तो बारावा पुस्तकात हाय.

पुस्तक झालं. गेल्या वर्षी कॉलनीच्या हॉलमधी कार्यक्रम झाला. नवरा सुट्टी टाकून आला, सासू नवी साडी नेसून आली, हार अर्थात आमचेच. सरांनी माईकवर मराठीत भाषण केलं. म्हणाले, "मला सगळ्यांनी खूश ठेवलं. एकाच माणसानं कधी खोटं सांगितलं नाही." आणि मला पुढं बोलावलं. श्रीफळ दिलं, शाल दिली. सगळे टाळ्या वाजवतायत, सासू डोळ्याला पदर लावतेय, आणि मी त्या शालीत घामानं भिजलेली. पुस्तकाच्या पहिल्या पानावर माझं नाव हाय, इंग्रजीत. नवऱ्यानं त्याचा फोटो काढून सगळ्या भावकीत पाठवला. पाहुणे आले की विचारतात, ती तुमचीच सून का?

आणि सर अजून येणाऱ्या-जाणाऱ्याला तीच गोष्ट सांगतात. "एक श्लोक हिनं माझ्याकडून बारा वेळा लिहून घेतला. बारा वेळा! तेव्हा कुठं जमला." मी तिथंच ओट्यावर असते. मान खाली घालून ओवत राहते.

परवा काकूंनी कपाट आवरलं आणि एका बाजूनं कोऱ्या अशा कागदांचा गठ्ठा मला दिला, आरूला चित्रं काढायला. आरू आता नर्सरीत जाते, इंग्लिश मीडियममधी. तिच्याबरोबर मी पण बसते अभ्यासाला. कॅट, पॉट, स्काय, असं सगळं. लय मजा येते, दहावीला कुणी असं शिकवलं असतं तर! तर आरूनं एक कागद उलटा केला आणि ओरडली, "मम्मी, पॉट!"

सरांचं अक्षर. कोपऱ्यात तारीख. दोनच ओळी. मी बोट ठेवून वाचायला लागले, आरूसारखीच. द पॉट मे ब्रेक… द स्काय डझ नॉट. मी परत वाचलं. मडकं फुटेल. आभाळ नाय फुटत. खालची ओळ अशी की मडक्यातलं आभाळ आणि बाहेरचं एकच, मधी भिंत होती ती नुसती मडक्याची. मी आरूला मराठीत सांगितलं, तर ती म्हणाली, "बरोबर हाय." आणि खडू शोधायला गेली.

मी गठ्ठ्यातले बाकीचे पण काढले, तारखेनं लावले. तोच श्लोक अकरा वेळा. दुसऱ्यात एक अवघड शब्द, तिसऱ्यात तीन, पुढं पुढं तर एका ओळीत मला वाचता येईल असा शब्दच नाय. मला समजावं म्हणून ते बिचारे भर घालत गेलेले. मग पुस्तक काढलं आणि बारावा उघडला.

तो पहिला कागद मी आरूला दिला नाय. सरांना पण दिला नाय. माझ्या कपाटात साड्यांच्या खाली हाय. आज पण ओट्यावर गेलते, सरांनी विचारलं, कशी आहे आमची मॉडर्न रीडर? मी म्हटलं, मजेत, सर.

पहिला मला एका वाचण्यात समजला. बारावा अजून समजलेला नाय.